पडद्यावरचा केस

विष्णूमामांनी टावर चौकाजवळच्या टॉकीजमध्ये सदतीस वर्षं पिक्चरची मशीन चालवली आणि फिल्मला चिकटलेला केस पडद्यावर सहसा वळवळू दिला नाही. कधी एखादा दिसलाच तर पब्लिक शिट्ट्या मारायचं, आणि मामांना त्या दिवशी जेवण गोड लागायचं नाही.

आता अशा माणसाच्या हाती त्यांची भाची भार्गवी बडोद्याच्या कला महाविद्यालयातून स्वतः बनवून आणलेलं रीळ देते, "मामा, संध्याकाळी कॉलनीच्या हॉलमध्ये तुम्हीच चालवायचं" म्हणते आणि पाहुण्यांना घ्यायला नानाखेड्याच्या बसस्टँडवर जाते. मामांनी रीळ उघडलं आणि ते चक्रावलेच. आवाजाची रेघ नाही, चित्र नाही. नुसती पारदर्शक पट्टी, वर गोंद आणि केसच केस. चित्र धुऊन गेलं की काय? की आजकाल असलंच शिकवतात? काही टोटल लागेना. निदान स्वच्छ तरी दिसू दे, म्हणून त्यांनी मखमलीचा तुकडा स्पिरिटमध्ये भिजवला आणि दोन तास बसून अख्खं रीळ पुसून काढलं.

करायला गेले गणपती, झाला मारुती.

"केस कुठेत?" परत आलेल्या भार्गवीने विचारलं.

"काढले. घाण फार होती गं."

तिने रिकामी पट्टी उजेडात धरली. "आईचे होते, मामा. तिच्या फणीतले. तीन महिने एकेक चिकटवत होते."

आई म्हणजे सुलू, मामांची धाकटी बहीण. मागच्या दिवाळीत गेली.

"पण पिक्चर कुठंय यात?" मामांनी चाचरत विचारलं.

"ही पट्टीच पिक्चर आहे. हिला हात लावता येतो. फोटोतल्या आईला कुठे लावता येतो?"

मामांना तरीही कळलं नाही. एवढंच कळलं, की आपण सुलूला फडक्याने पुसून टाकलं. त्यांनी कचऱ्याचा डबा उपडा केला. बहुतेक केस तुटले होते, पाचच धड निघाले. चिमट्यात धरून त्यांनी ते पुन्हा पट्टीवर लांबीने चिकटवले. भार्गवीने गोंदाची बाटली त्यांच्याकडे सरकवली.

संध्याकाळी पडद्यावर पांढरा उजेड पडला. बराच वेळ काही नाही. लोक एकमेकांकडे बघू लागले, मामाही गोंधळलेलेच. मग एक लांब केस वळवळत आला.

"विष्णूभाऊ, बाल आ गया, साफ करा," शेजारचे श्रीकांतराव हसले.

मामांचा हात सवयीने मशीनकडे गेला आणि मध्येच थांबला.

"असू दे," ते म्हणाले. "ती सुलू आहे."