आयफेलच्या पायातले एक्कावन्न पेले

मुखेडमध्ये आयफेल टॉवर उभा राहिला, त्याला कारण झाला मागच्या वर्षीच्या गणपतीतला चारमिनार. तो पलीकडच्या गल्लीच्या मंडळानं पुठ्ठ्याचा केला होता आणि सातव्या दिवशी त्याचा एक मिनार वाऱ्यानं उडून बसस्टँडवर गेला. तिथून एसटीच्या टपावर बसून तो देगलूरकडं गेला, असं पाहणारे सांगतात. परत आला नाही. तरी देखाव्याचं पहिलं बक्षीस त्यांनाच मिळालं.

हे नवयुवक मंडळाच्या जिव्हारी लागलं. मंडळाचे अध्यक्ष गुरुबसप्पा यांचं वय चौसष्ट. ते म्हणाले, "उडणार न्हाई असं कायतरी करा." मग रविकिरणनं, जो एरवी खिडक्यांच्या जाळ्या आणि गेट करतो, मोबाईलवर आयफेल टॉवर काढून दाखवला.

"ह्याच्यात अठरा हजार अडतीस तुकडे हायेत, अप्पा. लोखंडाचे."

"एवढं लोखंड कोण देणार?"

"लोखंड कशाला? भांडी. गावात भांडी त्याच्याहून जास्त हायेत. फक्त मागायची खोटी."

आणि खरंच, गावानं दिली. तांबे, पेले, डबे, पराती, घंगाळी, एक इडलीपात्र. चोवीस फुटांचा टॉवर उभा राहिला, पायांच्या वर पोटात लोखंडी सांगाडा, अंगावर भांडी, आणि मधल्या कमानीखाली गणपती. खाली फलक लावला: ‘विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी दहा वाजता प्रत्येक भांडे त्यावरील नाव ध्वनिक्षेपकावर वाचून मालकास परत केले जाईल.’ नाव न घातलेलं भांडं मंडळानं घेतलंच नव्हतं. पण तसं भांडं मुळात गावात कोणाकडं नव्हतं. आपल्याकडं मुलाचं नाव ठेवायचं राहील एकवेळ, भांड्यावर घालायचं राहत नाही.

चौथ्या दिवशी दुपारी शाळा सुटल्यावर तनुजा देखावा बघायला गेली. ती गावातल्याच एका शाळेत पाचवीला गणित शिकवायची. मंडपात गर्दी होती, पण टॉवर कोणी बघत नव्हतं. जो तो मान वाकडी करून आपलं भांडं शोधत होता. सापडलं की बोट दाखवायचं, फोटो काढायचा, आणि पॅरिसकडं पाठ करून घरी जायचं.

तनुजाला शोधावं लागलं नाही. टॉवरच्या चार पायांपैकी तीन पाय जरा जरा वाकडे होते. चौथा मात्र ओळंब्यात होता. एकाच मापाचे पेले एकात एक घालून तो रचला होता, जमिनीपासून पुरुषभर उंच. प्रत्येक पेल्याची काठाखालची दोन बोटं पट्टी तेवढी बाहेर दिसत होती, आणि भांड्याच्या दुकानदारानं नेमकं तिथंच नाव घातलं होतं. ‘आदिनाथ – तनुजा शुभविवाह.’ त्याच्यावर ‘आदिनाथ – तनुजा शुभविवाह.’ त्याच्यावर परत तेच. एक्कावन्न वेळा. शाळेत शिक्षा म्हणून लिहायला लावतात तसं.

हा विवाह आठ महिन्यांपूर्वी लातूरच्या कोर्टात संपला होता. भांडण असं काही झालं नव्हतं. दोघं दोन वर्षं एकमेकांशी फार सभ्यपणानं बोलले, आणि एक दिवस दोघांच्याही लक्षात आलं की आदिनाथ बँकेत काउंटरवर बोलतो तसंच आपण घरी बोलतोय. सही करताना त्यानं तिला पेन दिलं आणि ती "थँक्यू" म्हणाली. मग लातूरहून एका छोट्या टेम्पोत रुखवताची भांडी मुखेडला आली.

भांडी ज्या दिवशी माळ्यावर गेली त्याच दिवशी, तनुजाच्या वडिलांच्या सांगण्याप्रमाणे, जावई ट्रेनिंगला गेले. हणमंतराव म्हणजे गावचे निवृत्त हेडमास्तर. उभ्या आयुष्यात त्यांनी खोटं बोलल्याची नोंद नव्हती, त्यामुळं त्यांना सराव नव्हता आणि कुठं थांबायचं हे कळत नव्हतं. आधी ट्रेनिंग हैदराबादला तीन महिने होतं. मग विशाखापट्टणमला लागलं, बंदरावर. बँकेच्या माणसाला बंदरावर काय शिकवतात, हे गावात कोणी विचारलं नाही. मास्तर सांगतात म्हणजे असेल.

आणि आता हे पेले. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी गुरुबसप्पा ते एक एक करून भोंग्यावर वाचणार, आणि गाव विचारणार, जावई कुठंयत, येऊन घेऊन जा म्हणावं.

रविकिरण मंडपाच्या मागं तारेचं भेंडोळं सोडवत बसला होता.

"रविकिरणभाऊ, आमचे पेले काढून दे."

"कधी?"

"आत्ता."

त्यानं पक्कड खाली ठेवली. "म्याडम, तुमचा पाय काढला तर वरचं आख्खं पॅरिस समोर गुरुबसप्पाच्या दुकानात जाऊन बसंल."

"दुसरे घाल."

"कुठून घालू? सारखे एक्कावन्न पेले गावात कोणाकडंच न्हाईत. वापरातले पेले चेपतेत, हरवतेत, कोणाच्या कार्याला जाऊन दुसऱ्याचेच होऊन येतेत. तुमचे एकदम कोरे होते." हे त्यानं कौतुकानं म्हटलं. मग त्यानं जीभ चावली. "म्हणजे, जपून ठेवलेले होते म्हणायचं मला."

"कळलं."

"खऱ्या आयफेलवर बी नावं कोरून ठेवलीत, म्याडम. बहात्तर शास्त्रज्ञ हायेत."

"त्यांची लग्नं झालेली का?"

"ते न्हाई बघितलं."

शेवटी त्यानं त्या पायाला खालपासून वर कमानीपर्यंत झेंडूचा जाड हार गुंडाळून दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी एका शेळीनं तो पुरुषभर उंचीपर्यंत खाल्ला. त्याच्या वरचा तिनं सोडून दिला. तिथं नाव नव्हतं.

त्या दिवशी घरी तनुजानं विचारलं, "अण्णा, पेले तुम्ही दिलेत?"

हणमंतराव पेपर वाचत होते. "माळ्यावर पडूनच होते. देवाच्या कामाला."

"माळ्यावर कढई पण होती. कढई का नाही दिली?"

त्यांनी पान उलटलं. तेच पान परत उलटलं. आई, उमाबाई, स्वयंपाकघराच्या दारात हात पुसत उभी होती. ती म्हणाली, "सांगा की आता."

"काय सांगायचं त्यात," हणमंतराव म्हणाले. "गणपतीच्या पायाशी दहा दिवस राहतील, म्हटलं. दोन्ही नावं जोडीनं राहतील. बघू, म्हटलं."

तनुजाला वाटलं होतं की अण्णा गावाला फसवतायत. आता तिच्या लक्षात आलं की गाव त्या मानानं सुखात होतं. कोर्टानं निकाल दिला होता, तिनं दिला होता, आदिनाथनं दिला होता. एकट्या हणमंतरावांच्या घरी तो खटला अजून चालू होता आणि ते रोज तारखेला हजर राहत होते.

तिनं एक गोष्ट ठरवली. नावं वाचायचं काम आपणच घ्यायचं. माईक आपल्या हातात असला तर तेवढे पेले गुपचूप पोत्यात घालता येतील.

गुरुबसप्पांनी आनंदानं होकार दिला. भांड्यावरची ठिपक्याठिपक्यांची अक्षरं उन्हात वाचताना त्यांचे डोळे पाण्यानं भरले असते, आणि गावाला वाटलं असतं अध्यक्ष भावनावश झाले.

विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी दहाला टॉवर उतरवायला घेतला. गणपती नसलेल्या त्या कमानीखाली तनुजा खुर्ची टाकून माईक घेऊन बसली. शेजारी रिकामं पोतं. रविकिरण शिडीवरून तार कापायचा, भांडं खाली द्यायचा, ती वाचायची. शेंड्यापासून सुरुवात होती, म्हणजे तिची पाळी शेवटाकडं. हणमंतराव मंडपाच्या खांबाला टेकून उभे होते.

पहिली दहा-वीस भांडी तिनं नुसती वाचली. मग तिला काहीतरी खटकायला लागलं. ‘तलाठीसाहेबांना बदलीनिमित्त निरोपाची भेट’, ही किटली. त्यांची बदली रद्द झाली होती आणि ते समोरच उभे होते. ‘उद्घाटनप्रीत्यर्थ’, हा ट्रे. ते मोबाईलचं दुकान चौथ्या महिन्यात बंद पडलं. ‘वास्तुशांती’, ही बादली; ते घर जोत्यापर्यंत येऊन थांबलं होतं आणि आत एरंड वाढला होता. तिनं मान वर करून त्या उरलेल्या टॉवरकडं पाहिलं. वापरातलं भांडं कोणी दिलंच नव्हतं. कोण देईल? दहा दिवस चहा कशात प्यायचा? गावानं माळे रिकामे केले होते. जे ठेवताही येत नाही आणि मोडीतही घालवत नाही, ते सगळं इथं आणून एकावर एक रचलं होतं, आणि लांबून ते पॅरिससारखं दिसत होतं.

"‘सरपंचपदी बहुमताने विजयी झाल्याबद्दल साखराबाई यांजकडून सप्रेम भेट’," तनुजानं वाचलं. "चाळीस डबे."

मंडपात खसखस पिकली. साखराबाईंनी निकालाच्या आधीच डबे करून घेतले होते आणि एकोणीस मतांनी पडल्या होत्या. त्या गर्दीतून वाट काढत पुढं आल्या. "हसू नका रे. तुम्ही मतं दिली असती तर आज तुमच्याच घरी असते हे." मग तनुजाला म्हणाल्या, "आण इकडं. पापडाला बरे हायेत." आणि दोन खेपांत डबे घेऊन गेल्या.

मग एक मोठं तांब्याचं घंगाळ उतरलं. ‘रामकिशन व रेणुकादास, एकत्र कुटुंब.’ ह्या दोघा भावांनी सात वर्षांपूर्वी अंगणात भिंत घातली होती. दोघंही आले. दोघंही घंगाळापासून सारख्या अंतरावर उभे राहिले आणि वर बघू लागले, जणू पाऊस येतो का बघतायत. बराच वेळ झाला. शेवटी मागून दोघांच्या बायका आल्या, एकीनं ही कडी धरली, दुसरीनं ती, आणि काही न बोलता घंगाळ घेऊन गेल्या. कोणाच्या घरी नेलं, ते भाऊ मागोमाग गेले तेव्हाच त्यांना कळलं असेल.

साडेबारापर्यंत टॉवरचे फक्त पाय उरले. रविकिरणनं चौथ्या पायाची तार कापली. पेल्यांचा अख्खा दांडा त्यानं खांद्यावर घेऊन तिच्यासमोर आणून ठेवला, आणि नजर चुकवून पोत्याचं तोंड उघडून धरलं.

तनुजानं पोत्याकडं पाहिलं. मग खांबाकडं. हणमंतरावांनी चष्मा काढून हातात धरला होता.

तिनं माईक तोंडाशी धरला. "‘आदिनाथ – तनुजा शुभविवाह’," ती म्हणाली. "एक्कावन्न पेले."

एकदाच वाचलं. भोंगा कर्रकन वाजला.

पुढच्या रांगेत जगदेवी बसली होती, भाजी विकणारी म्हातारी. तिनं सहज विचारलं, "आन् जावाई कधी येणार गं बाई?"

माईक चालूच होता. "येणार नाहीत, मावशी. आमचं आठ महिन्यांपूर्वीच मोडलं. लातूरच्या कोर्टात, दोघांच्या राजीखुशीनं."

शिडीवर कुठंतरी तार लोंबकळत वाजत होती. तनुजाला वाटलं आता हळहळ सुरू होईल, आणि ती पदराखालून येणाऱ्या त्या चुकचुकण्याची तयारी करून बसली.

"मग हे पेले?" जगदेवी म्हणाली.

"पडून असतात."

"सोमवारी माझ्या पणतूचं बारसं हाय. देतीस का?"

"कार्याला वापरायला?"

"न्हाई. कायमचे."

तनुजाला हसू यायला लागलं. ते तिनं माईक बाजूला करून आवरलं. "नावं आहेत त्यांच्यावर, मावशी. मोडलेल्या लग्नाची. बारशाला?"

"आता गं बया. लोकाला चहा प्यायचाय का वाचायचंय? आन् आमच्या घरात वाचतंय कोण, सून वाचती, ती शहाणी हाय."

पलीकडून कोणीतरी म्हणालं, "निम्मे मला बी चालतील, म्याडम." जगदेवीनं वळून त्याच्याकडं असं बघितलं की तो माणूस मागणी मागं घेऊन दोन पावलं मागंही सरकला.

पेले तनुजाचे होते, तरी तिला एकटीनं देता येईनात. खांबाजवळून हणमंतराव निघाले. चालत आले, वरचा पेला उपसून काढला, रुमालानं पुसला आणि डोळ्यांजवळ धरून वाचला, सावकाश, पेपर तपासताना वाचायचे तसा. वाचून झाल्यावर त्यांनी तो परत दांड्यात बसवला. तळहातानं वरून दाबून नीट बसवला.

"एक्कावन्न आहेत," ते जगदेवीला म्हणाले. आवाज हेडमास्तरांचाच होता. "तुम्हाला उचलवायचे नाहीत. मी आणून देतो."

"अण्णा, रविकिरण देईल नेऊन," तनुजा म्हणाली.

"मी देतो म्हटलं ना."

त्यांनी तो पुरुषभर दांडा खांद्यावर घेतला. पुढं जगदेवी, मागं हणमंतराव. मंडपातल्या लोकांनी माना खाली घालून वाट दिली, कारण दांड्याचं मागचं टोक प्रत्येक वळणाला कोणाच्या तरी डोक्याशी येत होतं. रस्त्यावर उतरल्यावर दांडा मधेच वाकला आणि पेले खुळखुळले.

"मास्तर, जपून. पडतेल."

"पडू द्या," हणमंतराव म्हणाले. "स्टीलचे आहेत."

तनुजानं पुढचं भांडं उचललं. पितळी परात होती. "नाव पुसट झालंय," ती माईकवर म्हणाली. "ज्यांची असेल त्यांनी पुढं या."

तीन बायका एकदम उठल्या.