लोअर पडलबीची डचेस

बोलपट येऊन दोनच वर्षं झाली होती, आणि हॉलिवूडच्या त्या स्टुडिओत नट निवडण्याचं काम करणाऱ्या ऑर्व्हिल स्टँपचे निम्मे केस तेवढ्यात गेले होते. पूर्वी चेहरा पाहिला की काम भागायचं. आता चेहरा तोंड उघडायचा.

त्या सोमवारी मालक झेलिंग्मननं फर्मान काढलं. नव्या चित्रपटातल्या डचेसच्या भूमिकेला अस्सल खानदानी बाई हवी, नाटकवाली नको.

ऑर्व्हिलनं शोधून शोधून लेडी ऑनोरिया थ्वेट आणली. नवरा वारल्यावर ही बाई पासाडीनात कुत्री पाळून राहत होती. घराणं चारशे वर्षांचं. ती झेलिंग्मनसमोर बसली, खोकली आणि अर्धे शब्द गिळत भराभर बोलली. झेलिंग्मन डोळे मिटून ऐकत होता. ती गेल्यावर त्यानं डोळे उघडले.

"स्टँप, ही लेडी? अरे, ही तर मासळीबाजारातली वाटते. मला फसवतोस?"

ऑर्व्हिल तणतणत कँटीनमध्ये गेला. तिथं सफरचंदाची 'ॲपल पाय' विकणारी ब्रायडी मलक्वीन गिऱ्हाइकांसमोर झेलिंग्मनची नक्कल करत होती. तरुणपणी तिनं गावोगावच्या तंबूत राण्या रंगवल्या होत्या. ऑर्व्हिलच्या डोक्यात किडा वळवळला.

"ब्रायडीबाई, डचेस जमेल?"

"कुठली हवी? रागावलेली की जेवलेली?"

दुसऱ्या दिवशी कपडेखात्यातली फरची शाल पांघरून 'लोअर पडलबीची डचेस' अवतरली. झेलिंग्मन चक्क उठून उभा राहिला.

"आपलं घराणं किती जुनं, बाईसाहेब?"

ब्रायडीनं त्याच्याकडे सावकाश पाहिलं. "आमच्याकडे हा प्रश्न नवश्रीमंत विचारतात," ती एकेक शब्द लांबवत म्हणाली.

अपमानानं झेलिंग्मनचा चेहरा उजळला. त्यानं तिथल्या तिथं करार केला आणि वर शुक्रवारी पत्रकारांसाठी चहापानही ठरवलं.

आता मात्र दोघांचं धाबं दणाणलं. ब्रायडीनं आयुष्यभर चहा मगातून प्यायला होता. तेवढ्यात लेडी ऑनोरिया आपल्या कामाचं काय झालं ते विचारायला आली. ऑर्व्हिलला खोटं बोलवेना. त्यानं सगळं सांगून टाकलं. ती इतकी हसली, की खोकल्यानं तिचे डोळे भरून आले.

"मी शिकवते हिला," ती म्हणाली. "पण चित्रपटात स्वयंपाकीण आहे ना? ती मला द्या. आमच्या घरची स्वयंपाकीण सगळ्यांना धाकात ठेवायची. तिचा मला जन्मभर हेवा वाटला."

शुक्रवारपर्यंत दोघींनी ऑर्व्हिलच्या खोलीतले सहा कप फोडले. चहापान मात्र निर्विघ्न पार पडलं. झेलिंग्मननं स्वयंपाकिणीच्या भूमिकेसाठी घेतलेल्या लेडी ऑनोरियाला बाजूला घेऊन हळूच सांगितलं, "त्या बाईंकडे बघा, कप कसा धरतात. असं शिकावं माणसानं."

"डोळ्यांत तेल घालून बघतेय, साहेब," ती म्हणाली आणि तिनं पेस्ट्री तोंडात कोंबली.

चित्रपट चालला. ब्रायडीला पाठोपाठ तीन राण्या मिळाल्या, आणि स्वयंपाकीण इतकी खरी कुठून आणली, असं वर्तमानपत्रांनी विचारलं. ऑर्व्हिलच्या मनाला मात्र टोचणी लागली होती. शेवटी वसंतात एकदा त्यानं झेलिंग्मनला खरं ते सांगितलं.

झेलिंग्मननं शांतपणे ऐकून घेतलं आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "स्टँप, आठवडाभर सुट्टी घे. तुला माणसं ओळखता येईनाशी झालीत."

ऑर्व्हिलनं सुट्टी घेतली. ती त्यानं पासाडीनात काढली, लेडी ऑनोरियाची कुत्री फिरवण्यात.