उघडं ठेवलेलं फाटक

प्रॉन्गहॉर्न हरणं आपल्या रानात पुन्हा नांदणार, याबद्दल नेल्डा स्टोव्हॉलला तिळमात्र शंका नव्हती. साठी ओलांडलेली ही बाई पश्चिम टेक्सासमधल्या आपल्या कुरणावर एकटी राज्य करत होती, आणि शंका हा प्रकार तिच्या घराण्यात कुणाला ठाऊकच नव्हता. तिच्या लहानपणी या माळावर हरणांचे कळप धुरळा उडवत धावायचे. मग मेंढ्यांसाठी जिकडेतिकडे जाळीची कुंपणं आली, दुष्काळ आले, आणि शेवटचं हरीणही दिसेनासं झालं. नेल्डाने वन्यजीव खात्याच्या मागे लकडा लावला, आपल्या कुंपणाची सगळ्यात खालची तार गुडघ्याएवढी वर उचलून घेतली, आणि या हिवाळ्यात उत्तरेकडून ट्रक भरून हरणं आणवली. "आता बघाच," असं ती भेटेल त्याला सांगायची.

एप्रिलपर्यंत बघण्यासारखं फार काही नव्हतं. पावसाचा टिपूस नाही. जो एक ढग आला तो नेमका शेजारी, युसेबियो लुहानच्या कुरणावर रिता झाला. त्याचा माळ हिरवागार, हिचा करपलेला, आणि मध्ये त्याचं जाळीचं कुंपण. प्रॉन्गहॉर्न धावण्यात कुणाला हार जाणार नाही, पण कुंपणावरून उडी मारायचं त्याच्या मनातही येत नाही. तारेखालून सरपटत जायचं, एवढंच त्याला ठाऊक. त्या जाळीखालून तर ससाही जात नव्हता. माद्या गाभण होत्या. हिरवं पोटात गेलं नाही तर दूध नाही, आणि दूध नाही तर पाडसं नाहीत. खात्याच्या कर्टिसने स्पष्टच सांगितलं होतं, "नेल्डाबाई, यंदा पाडसं जगली नाहीत तर दुसरा ट्रक विसरा."

युसेबियो ऐंशीचा. मेंढ्या विकून त्याला जमाना झाला होता, तरी जाळी कापायचं नाव काढलं की म्हातारा खवळायचा. "माझ्या बापाने पहारीने खडक फोडून हे खांब रोवलेत. तुझ्या चार हरणांसाठी भोकं पाडू?" बरीच मनधरणी झाल्यावर तो एवढ्यावर आला, की आपली गुरं दुसऱ्या कुरणात आहेत तोवर कोपऱ्यातलं फाटक उघडं ठेवा. त्या मुलखात ही लहान गोष्ट नव्हे. तिथे पोरं धड चालायला लागण्याआधी फाटक लावायला शिकतात, आणि फाटक उघडं टाकून जाणाऱ्याला कुणी मुलगी देत नाही.

शनिवारी संध्याकाळी नेल्डाने ते फाटक स्वतः उघडलं, पिकअप आत नेली, हरणांना वास लागावा म्हणून थोडा लसूणघास पसरला आणि घरी येऊन गाढ झोपली.

सकाळी कर्टिसचा फोन आला. "फाटक बंद आहे. सगळा कळप कुंपणाला लागून येरझारा घालतोय. एका मादीने जाळीत तोंड खुपसून नाक फाडून घेतलंय."

नेल्डाच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती थेट युसेबियोच्या स्वयंपाकघरात शिरली. म्हातारा टॉर्टियाच्या पोळ्या आणि घेवड्याची न्याहारी करत होता.

"शब्द दिला होता तुम्ही!"

"बस आधी. कॉफी घे."

"कॉफी गेली खड्ड्यात! द्यायचं नव्हतं तर तोंडावर नाही म्हणायचं होतं. रात्री गुपचूप जाऊन फाटक लावायचं, ही कुठली रीत?"

"पोरी, या गुडघ्याने मी रात्री मोरीपर्यंत पोचतो तेच खूप. चल, दाखव मला." त्याने उरलेल्या टॉर्टिया फडक्यात बांधून बरोबर घेतल्या.

फाटकाशी कर्टिस वाट बघत उभाच होता. म्हातारा कण्हत खाली उतरला, साखळीकडे वाकून पाहिलं आणि हसायलाच लागला.

"साखळीला दोन वेढे. आकडा खालून वर. नेल्डा, आख्ख्या जिल्ह्यात असा आकडा कोण लावतं गं?"

नेल्डाने वाकून साखळी हातात घेतली. स्टोव्हॉलांचा एक वळू फाटक ढकलून पळाला होता, तेव्हापासून तिच्या बापाने घरात सगळ्यांना अशीच साखळी लावायला शिकवलं होतं. शनिवारी घास पसरून ती पिकअप बाहेर घेऊन आली होती. खाली उतरली होती. डोक्यात हरणं होती, आणि हातांनी त्यांचं जन्माचं काम चोख बजावलं होतं.

कर्टिसला एकाएकी आभाळात फार रस वाटू लागला.

"मीच लावलं," नेल्डा म्हणाली. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "तुमच्या घरात येऊन तुम्हाला खोटं ठरवलं. चुकले मी, डॉन युसेबियो." मानाचं 'डॉन' लावून म्हटलेलं असलं वाक्य तिच्या तोंडून आजवर कुणी ऐकलं नव्हतं. आता त्याने चालती हो म्हटलं असतं तर ती निमूट गेली असती.

तिने फाटक सताड उघडलं आणि तिघं पिकअपमध्ये लांब जाऊन बसली. कळप परत आला. रक्ताळलेल्या नाकाची मादी उघड्या फाटकाकडे ढुंकूनही न बघता पुढे गेली आणि पुन्हा जाळीची खालची कड हुंगू लागली.

म्हातारा त्या मादीकडे बघत होता. "पक्कड आहे गाडीत?"

"आहे. पण..."

"फाटक माणसांसाठी असतं, आणि माणूस ते लावणारच. काल तू लावलंस, उद्या मी लावलं असतं. हाताला कुठे अक्कल असते?"

जाळी त्याने स्वतः कापली. नेल्डाने पक्कड मागितली, तर त्याने दिली नाही. आधी छातीवर क्रूसाची खूण केली, बापाची माफी मागितली, मग दोन खांबांमधल्या जाळीची खालची कड गुडघ्याएवढी वर गुंडाळून तारेने बांधून टाकली. "उरलेली तू काप. फुकटचे कष्ट मी एवढेच करतो."

तिघं पुन्हा गाडीत बसून गार टॉर्टिया खात होती, तेव्हा मादी आली. तिने पुढचे गुडघे मोडले, पोट जमिनीला टेकवलं, तारेखालून सरपटली आणि पलीकडे उभी राहून अंग झटकलं. तिच्यामागे दुसरी. मग तिसरी थांबलीच नाही. नेल्डाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं तिला सुचलं नाही.

"सगळी गेली?" युसेबियोने विचारलं.

"सगळी," कर्टिस म्हणाला.

निघताना नेल्डा खाली उतरली, फाटक ओढून घेतलं, साखळीला दोन वेढे दिले आणि आकडा खालून वर अडकवला.

"घट्ट लाव," युसेबियो गाडीतून ओरडला.