सारागोसा, जेवणासह

जाहिरातीत लिहिलं होतं: सारागोसा, एका दिवसात, वेगवान गाडीनं, गाईड आणि जेवणासह. मी शेवटचा शब्द वाचून नाव नोंदवलं. मला पिलारच्या देवळातली मेरीमाता बघायची नव्हती, नदी बघायची नव्हती, ताशी तीनशेच्या वेगानं कुठं पोचायची घाईही नव्हती. समोर बसून जेवणारं एक माणूस हवं होतं. एक दिवस. बस्स.

यात लाजण्यासारखं काय आहे मला कळत नाही, पण लोक लाजतात. सहलीला का आलात विचारा, तर म्हणतील कला, इतिहास, राजवाडे. खोटारडे.

मी कासिल्दा. माद्रिदच्या आतोचा स्टेशनवर बावीस वर्षं मी ह्याच गाड्या साफ केल्या. गाडी लागली की पंधरा मिनिटं, एका डब्याला दोघी. संत्र्याची सालं, पोरांच्या ओकाऱ्या, कोट घातलेल्या साहेबांनी सीटच्या फटीत कोंबलेले पेपर. दुपारी आम्ही अकरा जणी फलाटाच्या टोकाच्या खोलीत डबे उघडायचो. खोलीला खिडकी नव्हती आणि खुर्च्या आठच होत्या. विसी म्हणायची, "जिचं बूड लहान तिनं बादलीवर बसा गं," आणि सगळ्यांत आधी खुर्ची पकडायची. तिच्या बुडाला अर्धी खुर्ची कमीच पडायची.

मार्चमध्ये मी निवृत्त झाले. आता नोव्हेंबर. आठ महिन्यांत माझ्या स्वयंपाकघरात रेडिओशिवाय कुणी तोंड उघडलेलं नाही. विसीला फोन केला की म्हणते, "ये की कधीतरी." कधीतरी नावाचा वार आठवड्यात नसतो.

सकाळी सव्वाआठच्या गाडीत मी प्रवासी म्हणून पहिल्यांदा चढले. गाईड होती नेरेया, पंचविशीची पोर, हातात घडीची पिवळी छत्री. यादी वाचत ती फलाटावर माणसं मोजत होती. "जोडपी नऊ, हे चौघांचं कुटुंब, आणि दोन सुटे."

"सुटे म्हणजे?" मी विचारलं.

"एकेकटे आलेले हो, बाई."

"मग एकेकटे म्हण. सुटी बटणं असतात."

ती हसली. वाईट नव्हती पोर. तिला तसंच शिकवलं होतं.

दुसरा सुटा माझ्या शेजारच्याच रांगेत, मधल्या वाटेपलीकडं बसला होता. सेवेरिनो नाव. सत्तरीचा, गळ्यात टाय, डोक्यावर करडी टोपी. सहलीला टाय लावून येणारा माणूस एक तर विधुर असतो नाही तर पोलीस, असं माझं मत होतं. हा पोलीस दिसत नव्हता.

गाडी सुटली. सवयीनं माझा हात सीटखाली गेला. च्युइंगम चिकटवलेलं होतं. बरं वाटलं. ओळखीचं कुणीतरी भेटलं.

मग मी पाव काढला. बटाट्याचं ऑम्लेट घातलेला, मुद्दाम दोघांना पुरेल एवढा. आमच्याकडं चार माणसांत खायचं उघडलं की आधी आजूबाजूला विचारायचं, "घेणार?" आणि ज्याला विचारलं त्यानं म्हणायचं, "चालू द्या." हे आईच्या दुधाबरोबर पोटात जातं. आमचा माणूस उपाशी मरताना कुणी विचारलं तर "चालू द्या" म्हणूनच मरेल.

मी शेजारच्या जोडप्याला विचारलं. "घेणार?"

"चालू द्या," दोघं फोनमधून म्हणाले. एका सुरात. लग्न चांगलं टिकेल.

वाटेपलीकडं विचारलं. "तुम्ही?"

सेवेरिनोनं टोपीला हात लावला. "चालू द्या, बाई. अंगी लागू दे."

मी चालू दिलं. अर्धा पाव परत कागदात गुंडाळला.

सारागोसाला उतरलो तर वारा. तिथल्या वाऱ्याला सिएर्सो म्हणतात, आणि ज्या वाऱ्याला लोक नावानं हाक मारतात त्याच्याशी भांडण्यात अर्थ नसतो. नेरेयानं प्रत्येकाच्या गळ्यात एक डबी अडकवली आणि कानात ऐकायचं एक बोंड खुपसलं. आता ती पन्नास पावलं पुढं गेली तरी तिचा आवाज आपल्या कानातच. लोकांना ह्याचं भारी कौतुक. मला विचाराल तर ज्यानं ही डबी काढली त्याला ती गिळायला लावली पाहिजे. पूर्वी गाईडचं ऐकायचं तर माणसांना एकमेकांना खेटून उभं राहावं लागायचं. कोपर लागायचं, पाय तुडवला जायचा, "काय म्हणाली हो ती?" असं विचारावं लागायचं. त्यातनं ओळखी व्हायच्या. आता चोवीस माणसं चौकभर पांगून चालत होती, प्रत्येकाच्या कानात तीच एक मुलगी.

तरी मी प्रयत्न केला. पिलारच्या देवळात एका लाल कोटवालीला विचारलं, "काय म्हणाली हो ती?"

"तुमचं बंद पडलंय का?" तिनं माझी डबी हातात घेऊन पाहिली. "नाही, चालू आहे की. आवाज डावीकडून वाढतो." आणि गेली.

देवळात भिंतीला दोन बॉम्ब टांगलेत. यादवी युद्धात छपरातून आत पडले आणि फुटले नाहीत म्हणून. मातेची कृपा. "आणि जे फुटले ते कुठं टांगलेत?" मी मोठ्यानं विचारलं. नेरेयाला ऐकू गेलं नाही. डबी एकाच बाजूनं बोलते.

अडीच वाजता जेवण. ह्यासाठीच मी आले होते. हॉटेलात चार-चार खुर्च्यांची टेबलं मांडलेली, पांढरी चादर, चार ताटल्या, चार पेले. जोडप्यांनी जोडप्यांना धरलं. लाल कोटवालीनं एका क्षणात तीन माणसं गोळा केली, जशी काही ती निवडणुकीला उभी होती. मी खांबाजवळच्या दोघांच्या टेबलावर बसले. म्हटलं सेवेरिनो येईल. दोन सुटे, दोन खुर्च्या. हिशेब सरळ होता.

वाढपी आला. "तुमच्याबरोबर कुणी आहे?"

"येतील."

दहा मिनिटांनी परत आला. समोरची ताटली उचलली, पेला उचलला, काटा, सुरी, घडी घातलेला रुमाल. पाव तेवढा ठेवला. मग त्या चौघांच्या कुटुंबातली आई उठून आली. "ही खुर्ची रिकामीच आहे ना? कोट ठेवू का?"

"ठेवा."

तिनं चार कोट, एक बॅग आणि मिठाईचा खोका ठेवला. मी बावीस वर्षं लोकांचा पसारा उचलला. आता त्याच्यासमोर बसून जेवत होते.

कोकराचं भाजलेलं मांस चांगलं होतं. तेही सांगते, हॉटेलवर अन्याय नको. नेरेया टेबलांमधून फिरत आली तेव्हा मी विचारलं, "तो दुसरा सुटा कुठं आहे?"

"सेवेरिनोकाका? त्यांनी जेवणाविना घेतलंय."

"असंही असतं?"

"असतं ना, बाई. बरेच जण घेतात. पाच वाजेपर्यंत मोकळा वेळ आहे, मग चौकात भेटायचं."

मी अर्धं मांस टाकून उठले. माझ्या आईनं हे पाहिलं असतं तर कानाखाली वाजवली असती.

तो मला नदीवर सापडला. दगडी पुलाच्या अलीकडं, भिंतीच्या आडोशाला एक बाक होता. सेवेरिनो मांडीवर पत्र्याचा डबा घेऊन बसला होता. डब्यात पावाच्या चुऱ्यात घोळून तळलेले मांसाचे तुकडे, वर लाल मिरच्या. टोपी शेजारी बाकावर. मी दिसले तसा त्यानं डबा थोडा वर धरला, टोपी उचलली आणि म्हणाला,

"घेणार, बाई?"

"चालू द्या, चालू द्या," मी म्हणाले आणि पुढं चालू लागले.

पुलाच्या पहिल्या दगडापर्यंत गेले तेव्हा कळलं काय केलं ते. आठ महिने ज्या एका शब्दासाठी झुरले तो एका माणसानं उच्चारला आणि माझ्या तोंडानं मला न विचारता उत्तर दिलं. वर त्यानं टोपी उचलली होती! बसायला जागा केली होती! मी स्वतःला अशी शिवी घातली की पुलावरचा सायकलवाला वळून बघायला लागला.

एकदा "चालू द्या" म्हटल्यावर परत फिरणारी बाई मी तरी पाहिलेली नाही. तसं कुणी करत नाही. मी केलं. वारा तोंडावर घेत परत आले आणि बाकासमोर उभी राहिले.

"घेते," मी म्हणाले.

"काय घेता?"

"मघाशी विचारलंत ना तुम्ही. तर घेते म्हणते मी."

त्यानं डब्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं. खिशात तिकीट आहे की नाही आठवणाऱ्या माणसाचा चेहरा असतो तसा चेहरा. "हो, हो. बसा की. एकच तुकडा राहिलाय."

"पुरे."

त्यानं काटा हातरुमालानं दोनदा पुसून दिला. मी खायला लागले. त्याच्या हातांना आता काही काम उरलं नाही, म्हणून त्यानं ते गुडघ्यांवर ठेवले. मी बोलत सुटले. गाड्या, पंधरा मिनिटं, विसी, बादली. तो "हं" म्हणत होता. नदीला पाणी भरपूर होतं आणि गढूळ.

"एकटेच फिरता?" मी विचारलं.

"महिन्यातून एकदा. गेल्या महिन्यात वायादोलिद केलं."

"घरी कुणी नाही?"

"आहेत की." तो बोटं दुमडत मोजू लागला. "बायको. मेहुणी. मोठी मुलगी, जावई. धाकटी परत आलीये, तिची दोन. आणि मोठीचा एक, तो अजून टेबलाखाली बसून जेवतो. रोज दुपारी नऊ माणसं. सगळी एकदम बोलतात. मेहुणी तर घास तोंडात असतानाही." मोजलेली बोटं त्यानं सोडली. "महिन्यातला हा एक दिवस मी काढतो. गाडीत बसतो, कुठंतरी उतरतो, एकटा जेवतो. कुणी बोलत नाही."

माझ्या तोंडात घास होता.

"मग विचारलंत कशाला?"

"विचारायचं असतं ना, बाई," तो अगदी मनापासून म्हणाला.

"आणि टोपी उचललीत ती?"

"वाऱ्यानं उडत होती."

मला राग यायला हवा होता. राग माझा जुना धंदा आहे. कंपनीवर, मुकादमावर, देवावर मी तो रोज काढला आहे. ह्या माणसावर निघेना. मी त्याचं एकुलतं एक दुपारचं जेवण खात बसले होते. थुंकता येत नव्हतं, गिळवत नव्हतं. शेवटी गिळलं.

"मीठ कमी आहे," मी काटा परत देत म्हणाले.

"बायकोनं केलंय. सांगतो तिला."

"नका सांगू. कुणी खाल्लं म्हणून विचारेल."

तो हसला. पहिल्यांदाच, आणि खरंखुरं. मग त्यानं घड्याळाकडं पाहिलं. चार वाजले होते. त्याचा एक तास अजून बाकी होता. मी उठले आणि पुलाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन वाऱ्यात उभी राहिले, कुणाला वाटू नये की मी परत येणार आहे.

संध्याकाळच्या गाडीत आमच्या जागा डब्याच्या शेवटच्या रांगेत होत्या, काचेच्या सरकत्या दाराला लागून. त्याची खिडकीची, माझी वाटेकडची. नेरेयानं दोन सुटे एकत्र बसवले होते. बाहेर अंधार पडला होता, त्यामुळं खिडकीच्या काचेत सगळा डबाच दिसत होता. कालातायुद स्टेशन मागं पडल्यावर सेवेरिनोनं पिशवीतून कागदात गुंडाळलेला पाव काढला. कागद वाजला. त्यानं माझ्याकडं पाहिलं. मी झोपल्याचं सोंग केलं, पण काचेत माझे डोळे उघडे दिसले असणार.

उघडलं तर विचारावं लागणार, आणि मी घेणारी बाई होते हे त्याला आता माहीत होतं. तो उठला, "माफ करा" म्हणून माझ्या गुडघ्यांवरून पलीकडं गेला आणि दारातून दोन डब्यांमधल्या जागेत, संडासाच्या दाराशी जाऊन उभा राहिला. माझ्याकडं पाठ करून. टोपीखाली त्याचा जबडा हलताना दिसत होता.

त्या दाराला वरच्या बाजूला एक डोळा असतो. समोर काही हललं की दार आपोआप उघडतं. हजारो वेळा फडक्यानं पुसलाय मी तो. माझे पाय वाटेत पसरलेले होते, एक जरा हलला, आणि दार उघडलं. सेवेरिनो दचकून वळला. तोंड भरलेलं होतं, तरी ओठ हलू लागले होते, विचारायला.

मी पाय चटकन आत ओढले. दार मिटलं. त्याचं खाऊन होईपर्यंत मी तशीच बसून राहिले, गुडघे छातीशी धरून, न हलता.