चार वाजताचा भाव

देशभरातले तेलवाले तिला भाववाल्या ताई म्हणत, आणि त्यात थट्टा कमी, धाक जास्त होता. भाजीवालासुद्धा तिच्याशी घासाघीस करायला कचरायचा. कच्चं पामतेल, म्हणजे जहाजातून उतरतं तसं लाल, दाट, अजून शुद्ध न केलेलं तेल, आज देशात कितीला विकलं जातंय हे रोज दुपारी चार वाजता तिच्या कागदावरून सगळ्यांना कळे. कागद निघे एका बाजारपत्रकाच्या कचेरीतून. तिथे दोन टेबलं, एक कुरकुरणारा पंखा आणि पुठ्ठ्यावर चिकटवलेली चौदा फोन नंबरांची यादी, एवढाच पसारा. आयातदार, दलाल, कारखानदार असे ते चौदाजण. अकरा ते तीन त्यांना फोन लावायचे, ते सांगतील ते आकडे मांडायचे आणि मधला भाव काढायचा. चारच्या आधी तो कुणाच्या बापालाही सांगायचा नाही, हा कचेरीचा नियम. ताईने तो अकरा वर्षं पाळला होता, सख्ख्या बहिणीच्या बाबतीतसुद्धा.

धाकटीचा गावाबाहेर तेल शुद्ध करण्याचा लहानसा कारखाना होता. तीन आठवडे भाव चढत होता, रोज चार, कधी पाच रुपये, आणि धाकटीची झोप उडाली होती. काल ती नवऱ्याला घेऊन ताईकडे जेवायला आली, तेव्हा ताटावरच म्हणाली, "ताई, आता थांबले तर हात चोळत बसेन. उद्या संध्याकाळी सही करते. आठशे टन." तिच्या नवऱ्याने मान वर केली नाही. आठशे टन म्हणजे कारखाना, जागा, राहतं घर, सगळंच पणाला लागणार होतं. ताई म्हणाली, "तुझं तू बघ बाई." नियम म्हणजे नियम.

आज पहिला फोन खोकलेकाकांना. हे दलाल प्रत्येक आकड्याआधी खोकायचे, म्हणून बाजाराने त्यांचं बारसं केलं होतं.

"काका, आज काय भाव?"

"काल तुम्ही किती लिहिला होता, ताई? माझा चष्मा कुठे गेलाय कुणास ठाऊक."

"दहा किलोला नऊशे चाळीस."

काका खोकले. "मग पंचेचाळीस लिहा."

तिने लिहिलं. लिहून झालं, पण काकांनी आधी तिचाच आकडा विचारला होता, हे मनातून जाईना. तिने विचारलं, "पंचेचाळीसला दिलंत कुणाला?"

"दिलं?" काकांना हसू आलं. "अहो, गिऱ्हाईक आहे कुठे? तीन आठवड्यांत माझ्या टाकीतून एक थेंब हललेला नाही. पण तुमचा भाव चढतोय म्हटल्यावर मी कमी कशाला सांगू? उगाच माझ्याच मालाची किंमत पाडू?"

तिच्या आधी या खुर्चीवर एक म्हातारे गृहस्थ बसत. ते प्रत्येकाला तीन गोष्टी विचारत: कुणाला दिलं, किती दिलं, कितीला दिलं. लोक वैतागत, फोन उचलायला टाळाटाळ करत. ताईने आल्या आल्या पहिल्या दोन गोष्टींना कात्री लावली. फोन आटोपशीर झाले, मंडळी खूश झाली, साहेबांनी तिची पाठ थोपटली. तेव्हा तिलाही आपण फार हुशार आहोत असं वाटलं होतं.

आज तिने जुन्या पद्धतीने एकेकाला धरलं. दुसरा म्हणाला, विकलं कुठे, नुसता भाव सांगितला. तिसरा म्हणाला, बाजारात बोलतात म्हणून सांगितलं. चौथ्याने सरळच सांगितलं, "तुमचाच कागद बघतो आणि पाच टाकतो. सगळेच टाकतात." एकाने तर तिलाच विचारलं, "का हो ताई, काही ऐकलंत का? बंदरात टाक्या काठोकाठ भरल्यात, बाहेर आणखी दोन जहाजं उभी आहेत म्हणे." तेरा फोन झाले. तेराही जणांनी काहीच विकलेलं नव्हतं. तीन आठवडे ती आपलाच आकडा त्यांच्या तोंडून ऐकत होती आणि देशाला सांगत होती.

अकरा वर्षांत पहिल्यांदा तिने नियम मोडला. चार वाजायच्या आधी धाकटीला फोन लावला. फोन व्यस्त होता. परत लावला, परत व्यस्त. मग नाइलाजाने तिने चौदावा नंबर फिरवला, मोठ्या आयातदाराचा.

"झालाय ना सौदा!" तो खुशीत होता. "आजच सकाळी. आठशे टन, पंचेचाळीसने."

कुणाला, हे विचारायची गरजच नव्हती. तरी त्याने सांगितलं. "तुमच्याच धाकट्या बहिणीला. संध्याकाळपर्यंत थांबायला तयार नव्हत्या, भाव आणखी चढेल म्हणाल्या. सही झाली, पैसेही आले."

ताई उठून साहेबांकडे गेली आणि तिने सगळं सांगून टाकलं. साहेबांनी चहाचा कप खाली ठेवला, थोडा विचार केला आणि म्हणाले, "एक सौदा झालाय ना? मग आजचा भाव खरा आहे. खरा भाव छापायला कसली आलीय हरकत?" आणि त्यांनी पुन्हा कप उचलला.

ती जागेवर येते तोच धाकटीचा फोन. "ताई, घेऊन टाकलं गं! तू रागावशील म्हणून सकाळी बोलले नाही. तुझ्या कागदावर डोळे मिटून विश्वास ठेवलाय मी." तिच्या आवाजात लहानपणीचा आनंद होता. ताई एवढंच म्हणाली, "बरं केलंस," आणि तिने फोन ठेवला.

पावणेचार वाजले होते. तीन आठवड्यांत एकच सौदा, असं लिहिलं तर उद्या सकाळी नऊशे पंचेचाळीसचे सहाशे होतील आणि धाकटी देशोधडीला लागेल. नुसता आकडा लिहिला, तर तो आकडा खरा मानणारं कुणीतरी कुठेतरी निघेल आणि धाकटीच्या गळ्यातलं लोढणं आपल्या गळ्यात घालून घेईल. ताईला स्वतःची शिसारी आली. तिने ९४५ टाइप केलं. चार वाजता कागद गेला.

सव्वाचारला फोन वाजला. दूरच्या गावात साबणाचा कारखाना चालवणारे एक म्हातारे काका होते. वर्षातून एकदा, माल भरायच्या आधी, ते तिचा सल्ला घेत. "ताई, रोज चढतोय हो भाव. पोरगा म्हणतो थांबा, पण मी म्हटलं, ताईंना विचारल्याशिवाय नाही. तुम्ही कधी खोटं लिहीत नाही. वर्षभराचं तेल आत्ताच घेऊन ठेवू का?"

पंखा कुरकुरत होता. साहेब कपाटाला कुलूप लावत होते.

"घ्या," ताई म्हणाली. "माझ्या बहिणीकडे माल आहे. नंबर लिहून घ्या."

"थांबा हं, सूनबाई पेन आणतेय."

ती थांबली. मग तिने एकेक आकडा सावकाश सांगितला, आणि काकांनी तो बरोबर लिहून घेतलाय ना, हे त्यांच्याकडून एकदा परत म्हणवून घेतलं.