होन्जोतलं चौथं घर

सिनेमातल्या राक्षसाचं सोंग घेणारा मीच. रबराचं ते कातडं माझ्याहून जड. आत जीव नुसता उकडून निघायचा. गळ्याजवळच्या दोन भोकांतून दिसेल तेवढंच जग. आणि लोक म्हणतात, सिनेमावाल्यांची मजा असते! डोंबलाची मजा.

मी तुडवायची ती गुडघ्याएवढी घरं घडवायचे कुरामोची मिस्त्री. प्लास्टरच्या भिंतींना आतून चिरा पाडून ठेवायचे, म्हणजे पाय पडला की घराचा भुगा. या खेपेला तोक्योतली होन्जो पेठ होती, युद्धात जळण्याआधीची. शूटिंगच्या सकाळी अपशकुन टळावा म्हणून कोपऱ्याकोपऱ्यांत मिठाचे चिमुकले ढीग ठेवून झाले आणि त्यांनी मला बाजूला घेतलं.

"त्सुकुदा, उजवीकडचं चौथं घर माझं आहे. नीट तुडव."

"मिस्त्री, डोकं ठिकाणावर आहे ना?"

"विमानांनी आग ओतली तेव्हा मी फौजेबरोबर मंचुरियात होतो. बायकोला, चियोला, पत्र लिहिलं होतं. घर सोडून पळू नकोस, बादल्या भर, आग विझव. सरकारचा तसा हुकूमच होता रे. नऊ वर्षं झाली, एकच विचारतोय, ती माझ्या पत्रामुळे थांबली, की पळताना गेली? सांगायला गल्लीत कोणी उरलंच नाही. निदान घर पडताना तरी बघू दे मला."

मान हलवली आणि कातड्यात शिरलो.

कॅमेरे सुरू झाले, कडेच्या घरांना आग लावली. पहिली तीन घरं पापडासारखी मोडली. चौथ्यावर पाय दिला, तर ते हलेचना. नेमकं तिथेच चिरा पाडायला मिस्त्रींचा हात धजावला नव्हता. भोकातून खाली पाहिलं. खिडकीच्या कागदामागे दिवा! अहो, त्या घरात वायर ओढलेलीच नव्हती. दिव्यासमोरून करंगळीएवढी सावली जात-येत होती, हातात बादली घेऊन. माझी तर पाचावर धारण बसली.

"चियो!" मिस्त्री आगीतून धावत आले, गुडघ्यांवर पडले. "पळ! बाहेर ये! पत्रातलं ऐकू नकोस माझं!"

सावली थांबली. आतून आवाज आला, बारीक, दमलेला.

"असं काय करता हो? तुम्हीच लिहिलंत ना, थांब म्हणून. थांबलेय मी. विझेलच आता."