मागच्या पानावरची गाणी

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे. रंगानं पिवळट, आवाजानं घरघरता. अमेरिकेत, ओहायोतल्या डॉना पेट्राक यांच्या बैठकीच्या खोलीत खिडकीशी माझी सहा वर्षं गेली. डॉना शाळेची बस चालवत. दुपारी त्यांची लेक ॲबी आणि शेजारची शेल्बी एकाच खुर्चीत दाटीवाटीनं बसून माझ्यावर गृहपाठ करत. "या घरातलं सगळ्यात शहाणं माणूस हेच," असं डॉना माझ्याकडे बोट दाखवून म्हणत. मी फुशारून जाई.

मग न्यायालयाचं पाकीट आलं. तुमच्या घरातून आमची गाणी इंटरनेटवर फुकट वाटली जातात, म्हणून गाण्यांच्या कंपन्यांनी डॉनांवर खटला भरला होता. पहिलं पान वाचूनच त्यांनी ते कागद खणात कोंबले. त्या दिवसापासून घरातल्या नजरा बदलल्या. माझ्यावर चादर पडली, ॲबीचं दप्तर तपासलं गेलं, आणि शेवटी संशय शेल्बीवर येऊन बसला.

"सारखी कानात ते गाण्यांचे बोळे घालून फिरते. तीच असणार," डॉना म्हणाल्या.

"मॉम, ती नाही गं!"

"तू काय तिची वकील?"

शेल्बीला दारातूनच परत पाठवलं.

मला सगळं ठाऊक होतं, पण तोंड कुठे होतं? आईवडिलांच्या लग्नाच्या पन्नासाव्या वाढदिवसाला डॉनांनीच जुनी गाणी माझ्यावर उतरवली होती. काम झालं, त्यांनी पडद्यावरची चौकट मिटली. चौकट मिटली की दुकान बंद, असं त्यांना वाटलं. पण तो प्रोग्राम घड्याळाशेजारी इवलंसं चिन्ह होऊन जागाच राहिला, आणि इंटरनेटवरून मागेल त्याला मी ती गाणी देत राहिलो.

एका दुपारी कंपनीच्या वकिलाचा फोन आला. "मॅडम, दुसऱ्या कुणी केलं असेल तर नाव सांगा. खटल्यातून तुमचं नाव वगळू."

"आहे एक मुलगी..."

तेवढ्यात ॲबीनं खणातल्या कागदांचं मागचं पान त्यांच्यापुढे धरलं. त्यावर गाण्यांची यादी होती. "मॉम, आजीआजोबा नाचले ना, ती गाणी ही! शेल्बी तेरा वर्षांची आहे, त्र्याऐंशीची नाही."

डॉनांनी यादीवरून बोट फिरवलं. एकूण एक गाणं त्यांनीच उतरवलेलं.

"हॅलो? कोण मुलगी, मॅडम?"

"कुणी नाही. मीच ती."

संध्याकाळी सफरचंदाचा केक घेऊन त्या शेजारी गेल्या. शेल्बीनं दार अर्धंच उघडलं, केक घेतला, "थँक्यू, मिसेस पेट्राक," म्हणाली आणि दार लावून घेतलं.

पुढे खटला तडजोडीत मिटला. शेल्बी मात्र पुन्हा आली नाही.

मित्रांनो, उद्या तुम्ही मोठे व्हाल. लेकरावर घेतलेला संशय मोठ्यांना चटकन विसरता येतो. लेकराला येत नाही. एवढं मात्र लक्षात ठेवा.